शुक्रवारची कुर्ली

ज्युबिलीच्या या स्मरणिकेंत आपल्या देवळाची हकीकत आणि आजवर सेवा करून गेलेल्या धर्मगुरूंचीं नांवें अन्य पानांवर आलेलींच आहेत. आम्हांकडे इतिहासाचा एक लेख मागण्यांत आला. आम्हीं विषय सांगितला तेव्हां समितीची मंडळी प्रथम हसली. कारण तो विषय म्हणजे आपल्या घरांतून शुक्रवारीं तव्यावर तळलें जाणारें कुर्ल्यांचें कटलेट. हसें ओसरल्यावर मात्र तेथेंच वाद सुरू झाला. मुंबईस राहून आलेला एक तरुण म्हणाला, हा हॉटेलांतला पदार्थ, इंग्रजांच्या अमदानींतला. एक वयोवृद्ध गृहस्थ म्हणाले, नव्हे, हें फिरंग्यांनीं शिकविलें. एक शेजारी तेथें बसले होते. ते ख्रिस्ती नव्हेत, पण आपला एकही सण चुकवीत नाहींत. ते म्हणाले, "कुर्ली आमची, तवो आमचो, मगे पदार्थ फिरंग्याचो कसो?" हा प्रश्न दिसतो तितका हलका नाहीं. आपण किती येथले आणि किती परके, हें आपल्या समाजास पिढ्यान्‌पिढ्या विचारण्यांत आलें आहे. आणि आमच्या मतें त्याचें उत्तर दफ्तरांपेक्षां चुलीपाशीं अधिक स्वच्छ सांपडतें.

प्रथम कुर्लीकडे वळूं. धामापूर म्हटलें कीं लोकांस तलाव आठवतो. विजयनगरचे मांडलिक नागेश देसाई यांनीं १५३० सालीं तो बांधविला. कांठीं भगवतीचें देऊळ आहे. आणि आंतरराष्ट्रीय सिंचन व जलनिस्सारण आयोगानें २०२० सालीं त्यास जागतिक वारशाचा मान दिला. परंतु तलावाचें पाणी गोडें. गोड्या पाण्यांत व भातशेतीच्या बांधांत ज्या लहान कुर्ल्या मिळतात, ज्यांस कुलाब्याकडे मुठे म्हणतात, त्यांचें सार उत्तम होतें. कटलेट होत नाहीं, कारण कवचांत मांसच बेताचें. आपली कुर्ली खाडीची. धामापुराहून काळसे, नेरूरपार या बाजूस गेलें म्हणजे कर्लीचें पात्र लागतें. पुढें देवबागेपाशीं ही नदी समुद्रास मिळते आणि भरतीचें खारें पाणी उलट आंत घेते. कांठच्या कांदळवनांतील चिखलांत बिळें करून राहणारी, हिरवट काळ्या जाड कवचाची, बोट धरल्यास सोडावयाची नाहीं अशी जी मोठी कुर्ली, तीच कटलेटाची खरी मानकरीण. समुद्रांत जाळ्यास लागणाऱ्या कुर्ल्या निराळ्या. एकीच्या पाठीवर तीन ठिपके असतात, दुसरीच्या पाठीवर क्रुसाची आकृति असते. हिच्याविषयीं पुढें सांगावयाचें आहे.

खाडीवरचे लोक कुर्ली घेतांना चंद्राकडे पाहतात. अंवसेच्या सुमारास भरलेली, पुनवेस पोकळ, असा त्यांचा हिशेब. विद्वान या हिशेबास मान डोलवोत वा न डोलवोत, कात टाकलेली कुर्ली पाण्यानें भरलेली असते व शिजविली असतां हातीं कांहीं लागत नाहीं, हें कोणतीही गृहिणी सांगेल. नर-मादी ओळखण्याची खूण पोटावर: नराच्या पोटाची झडप अरुंद, त्रिकोणी, मादीची रुंद, गोलाकार.

कुर्ली खाणें हें आपल्या देशांत नवें नाहीं. सुश्रुतानें जलचरांच्या मांसांत कर्कटकाची गणना केली आहे. परंतु आपल्या धर्माचें मूळ ज्या यहुदी लोकांत, त्यांस ती निषिद्ध होती. लेवीय या पुस्तकाच्या ११ व्या अध्यायांत पाण्यांतील ज्यांस पंख व खवले आहेत तेच खावे असा दंडक आहे; कुर्लीस दोन्ही नाहींत. या दंडकाची एक सुंदर कथा आपल्या कोंकणांतच घडली. अलिबाग-रेवदंड्याकडील मराठी बोलणारे बेने इस्राएल, ज्यांस शनिवारीं घाणा बंद ठेवीत म्हणून शनवार तेली म्हणत, ते आपला बहुतेक धर्म विसरले होते. त्यांची परंपरा सांगते कीं, दाविद राहाबी नांवाचा एक यहुदी तेथें आला. हे आपलेच लोक काय, अशी त्यास शंका होती. त्यानें बायकांपुढें अनेक प्रकारचे मासे शिजविण्यास ठेविले. त्यांनीं ज्यांस पंख व खवले नव्हते ते निमूटपणें बाजूस काढून ठेविले, आणि राहाबीची खात्री पटली. ग्रंथ हरवले, भाषा हरवली, पण मासळीच्या टोपलींत धर्म टिकून राहिला, आणि तो टिकविला स्त्रियांनीं. आम्हांस ही कथा फार आवडते.

आपल्याकरितां तें बंधन सुटलें तें याफो येथें. प्रेषितांचीं कृत्यें, १० वा अध्याय: भुकेल्या पेत्राला आकाशांतून उतरणारी मोठी चादर दिसते, तींत सर्व प्रकारचे प्राणी असतात, आणि मारून खा अशी आज्ञा होते. पेत्र तीन वेळां कुरकुरतो. स्वतः कोळी असलेला पेत्र त्या दिवसापर्यंत कुर्ल्या जाळ्यांतून काढून पुन्हां पाण्यांत टाकीत असला पाहिजे, हा विचार आमच्या मनांत नेहमीं येतो.

आतां क्रुसाची कुर्ली. गोव्याचा आश्रयदाता संत फ्रान्सिस झेवियर ६ मे १५४२ रोजीं गोव्यास उतरला आणि १५४६ च्या आरंभीं आंबोइनाच्या बेटांकडे गेला. तेथें वादळांत त्याचा क्रूस समुद्रांत पडला. किनाऱ्यावर आल्यावर एक कुर्ली तो आपल्या नांग्यांत उभा धरून घेऊन आली, अशी कथा त्यास संतपद देण्यापूर्वींच्या चौकशींत सांगण्यांत आली. १६२२ सालीं तो संत झाला आणि ती कथा चित्रांतून सर्वत्र गेली. तेव्हांपासून पाठीवर क्रूस आहे ती हीच, अशी समजूत पूर्वेकडील ख्रिस्ती कोळ्यांत पसरली. लिनिअसनें १७५८ सालीं या कुर्लीस जें लॅटिन नांव दिलें त्यांतील 'फेरिआटुस' या शब्दाचा अर्थ 'सण पाळणारा'. येथें आमच्यांतील जुना सेमिनरीचा विद्यार्थी जागा होतो; कारण त्याच 'फेरिया' शब्दावरून ख्रिस्तसभेच्या पंचांगांत शुक्रवारास 'फेरिया सेक्स्ता' म्हणतात आणि पोर्तुगीज भाषेंत 'सेश्ता-फैरा'. कुर्लीचा आणि शुक्रवारचा संबंध शब्दांतही निघावा, हा योगायोग आम्ही केवळ मौजेखातर नोंदवून ठेवितों.

खरा संबंध नियमाचा आहे, आणि शेजारी आपल्यास जें नेहमीं विचारतात त्याचें उत्तरही तेथेंच. ते सोमवार, एकादशी, श्रावण पाळतात, आणि त्या दिवशीं मासळीचा वासही घरांत येऊं देत नाहींत. "तुमचो शुक्रवार कसलो? उपास म्हणतास आणि कुर्ली खातास!" ख्रिस्तसभेनें प्रभूच्या मरणाच्या दिवशीं वर्ज्य केलें तें जमिनीवरील पशुपक्ष्यांचें मांस, जलचर नव्हे. संत थॉमस अक्विनास यांनीं तेराव्या शतकांत कारण दिलें कीं, पशूंचें मांस माणसास अधिक सुखद व अधिक पोषक, मासा त्या मानानें कमी. अक्विनास नेपल्सकडचे, त्यांनीं कर्लीच्या खाडींतील कुर्ली पाहिली असती तर हें वाक्य थोडें जपून लिहिलें असतें, असें आम्हांस वाटतें.

त्या काळीं उपवासांत अंडीं व दूधही वर्ज्य होतें. कटलेटाच्या इतिहासांत ही बाब महत्त्वाची आहे, कारण अंड्यावांचून कुर्लीचें मांस एकत्र बांधून राहत नाहीं. पोर्तुगीज राज्यांत यास वाट होती. 'क्रुझादाची बुला' म्हणून जें सवलतपत्र असे, तें कांहीं दान देऊन घेतलें म्हणजे बहुतेक दिवशीं या बंधनांतून सूट मिळे. ज्यांस दान परवडे त्यांनीं सूट घ्यावी व इतरांनीं नियम पाळावा, ही व्यवस्था आम्हांस कधींच रुचली नाहीं, आणि तें येथें लिहावयास आम्हांस संकोच वाटत नाहीं. पुढें १९१७ च्या धर्मविधिसंग्रहानें स्पष्ट केलें कीं शुक्रवारीं वर्ज्य तें मांस व मांसाचा रस. अंडीं, दूध, तूप नव्हे. १९६६ सालीं पोप सहावे पॉल यांनीं त्या त्या देशांतील बिशपांस मांसवर्जनाऐवजीं अन्य प्रायश्चित्त किंवा दानधर्म सांगण्याची मोकळीक दिली, आणि १९८३ च्या संग्रहांत तीच दिशा कायम राहिली. नियम सैल झाला, पण कुर्ली शुक्रवारींच राहिली. लोकांस नियमाचा विसर पडला तरी जिभेस वार पाठ असतो.

आतां त्या गोळ्यांत पडणाऱ्या वस्तूंकडे पाहूं. पाव हा शब्द पोर्तुगीज. भाजणारे पोदेरही त्यांनींच तयार केले, आणि गोव्यांत आंबविण्यास यीस्टऐवजीं माडाची सूर वापरली गेली, म्हणजे पावाच्या जन्मापासूनच त्यांत कोंकणाचा माड आला. मिरची अमेरिकेची, पोर्तुगीजांच्या गलबतांतून सोळाव्या शतकांत आली आणि आज तिच्यावांचून मालवणी मसाला ही कल्पनाही करवत नाहीं. बटाटाही अमेरिकेचाच आणि त्याचें नांव पोर्तुगीज, परंतु त्याची लागवड सर्वदूर झाली ती इंग्रजी अमलांत. कटलेट हा शब्द फ्रेंच. तो इंग्रजांकरवीं आला. मालवण बंदर कोल्हापूरकरांनीं १८१२ सालीं इंग्रजांस दिलें. तेव्हांपासून आपल्या लोकांची मुंबईची वाट अधिक रुंद झाली. गोव्याचे ख्रिस्ती आचारी मुंबईस साहेबांच्या घरीं व आगबोटींवर स्वयंपाकास असत. कटलेट त्यांच्या हातून शिकलें गेलें आणि रजेवर गांवीं आलें. त्याअर्थीं आमच्या तरुणाचें म्हणणें नांवापुरतें खरें. आणि मासळी बटाट्यांत मळून तळण्याची रीत पोर्तुगालांत खारविलेल्या कॉड माशाची असल्यानें आमच्या वृद्ध गृहस्थांचेंही म्हणणें सर्वस्वी खोटें नाहीं.

परंतु तव्यावरचें कटलेट नीट पाहा. त्यावर पावाचा चुरा नाहीं, रवा आहे. बांगडा, सुरमई, कोलंबी रव्यांत घोळवून थोड्या तेलांत तळणें ही आपल्या किनाऱ्याची रीत. साहेबाचें कटलेट कोंकणांत आलें आणि त्यानें आपला कोट काढून रव्याची बंडी घातली. शेजारीही बरोबर ठरले.

येथें आम्हांस १७३६ सालचा एक कागद आठवतो. गोव्याच्या इन्क्विझिशननें त्या वर्षीं काढलेल्या फर्मानांत ख्रिस्ती लोकांस धोतर, चोळी, दारची तुळस अशा कितीएक गोष्टींची मनाई केली, आणि हिंदूंप्रमाणें अळणी भात शिजवून वरून मीठ घेऊं नये असेंही त्यांत घातलें. मनुष्याची श्रद्धा भातांतील मिठावरून पारखावयाची! आपल्यापैकीं पुष्कळ घराण्यांचें मूळ गोव्यांत आहे. तीं इकडे आलीं त्यांस कारणें अनेक, दुष्काळ, कर, लढाया, आणि ही पारखही. पाव घेतला, भात सोडला नाहीं. शिरका घेतला, सोलें सोडलीं नाहींत. 'नाताळ' हा शब्दच पोर्तुगीज, पण त्या दिवशीं करंज्या होतात. ज्यांनीं फर्मान काढलें त्यांचें नांव आज कोणी घेत नाहीं, आणि ज्या स्त्रियांनीं घरोघर हा निवाडा केला त्यांचींही नांवें कोणी लिहून ठेविलीं नाहींत. आपल्या नोंदवह्यांत त्यांचा बाप्तिस्मा, लग्न व मरण एवढेंच आहे.

दूर अमेरिकेंत चेसापीक उपसागराच्या कांठीं मेरीलँड म्हणून प्रांत आहे. १६३४ च्या मार्चांत तेथें जी वसाहत उतरली तिचे धनी कॅथलिक, आणि अमेरिकेचा पहिला धर्मप्रांत बाल्टिमोर १७८९ सालीं तेथेंच स्थापन झाला. त्या खाडीच्या निळ्या कुर्लीस शास्त्रज्ञ मेरी रॅथबन यांनीं १८९६ सालीं जें नांव दिलें त्याचा अर्थच 'रुचकर, सुंदर पोहणारी' असा आहे. आणि पाव, अंडें घालून तव्यावर तळलेलें तिचें कटलेट ही त्या प्रांताची शान. शुक्रवारच्या नियमानेंच तेथेंही तें जन्मास घातलें असें म्हणण्याचा मोह होतो, पण तो आवरतों; तेथील प्रॉटेस्टंट शेजारीही तें तितक्याच आवडीनें खात आले आहेत. जेथें खाडी, कुर्ली व शिळा पाव एकत्र येतात तेथें हातास ही युक्ति सुचतेच, एवढें म्हणणें पुरे.

आमच्या मातोश्री हा पदार्थ कसा करीत तें आतां सांगतों, कारण आजच्या सुनांस तो कठीण वाटतो. कुर्ली जिवंतच घ्यावी. मेलेली लवकर नासते, ती कितीही स्वस्त मिळाली तरी घेऊं नये. अर्धा तास बर्फांत ठेविली म्हणजे ती बधिर होते, मग मारतांना तिचे व आपले हाल होत नाहींत. मीठ-हळदीच्या उकळत्या पाण्यांत पाव किलोची कुर्ली सुमारें पाव तास शिजवावी. निवल्यावर पाठीचें कवच उचलावें, दोहों बाजूंचे करड्या पिसांसारखे कल्ले काढून टाकावे, अंगाचे दोन तुकडे करून एकेका कप्प्यांतील मांस काडीनें कोरावें, आणि नांग्या, म्हणजे आपले डेंगे, वरवंट्यानें बेतानें फोडाव्या. जोरानें मारलें कीं कवचाचे कण मांसांत मिसळतात व जेवतांना दातांखालीं येतात. एक किलो कुर्ल्यांतून पाव किलोहून थोडेंच अधिक मांस निघतें. बारीक पाय टाकावयाचे नाहींत. पाट्यावर वाटून, गाळून त्यांचें सार करावें. शुक्रवारीं भात त्याच्याशींच जेवावयाचा.

त्या मांसांत बारीक कांदा, हिरवी मिरची, आलें, कोथिंबीर, किंचित्‌ मिरीं, मीठ, चमचाभर माडाचा शिरका, भिजवून घट्ट पिळलेला एक शिळा पाव व एक अंडें. पाव नसेल तर बटाटा, पण थोडा. अलीकडे बटाट्यांत कुर्ली शोधावी लागते. त्यास आम्ही बटाट्याचें कटलेट म्हणतों, आणि तेंही वाईट नसतें, फक्त नांव खोटें असतें. मिश्रण तासभर गार जागीं ठेवावें, नाहींतर तव्यावर फुटतें. बोटभर जाडीचे गोळे चेपून रव्यांत घोळवावे. बिडाचा तवा, तळ भिजेल इतकें तेल, मंद आंच. खालची बाजू तांबूस होईपर्यंत हात लावूं नये, आणि परतावयाचें तें एकदांच. मातोश्री परततांना बोलत नसत, व कोणी बोललेलेंही त्यांस चालत नसे.

सेमिनरींत असतां एकदां नीतिशास्त्राच्या वर्गांत प्रश्न निघाला: असें कटलेट खाणें हें प्रायश्चित्त होय काय? प्राध्यापकांनीं उत्तर दिलें कीं नियमाचें शब्दशः पालन होतें, मर्म राहतें कीं नाहीं तें ज्यानें त्यानें पाहावें. आम्हांस तें उत्तर पुरेसें वाटलें. पुढें दीक्षा होऊन थोडींच वर्षें झालीं होतीं. प्रायश्चित्तकाळांतील एका शुक्रवारीं एका घरीं जेवावयास गेलों, चार कटलेटें खाल्लीं, आणि निघतांना त्या घरच्या वृद्ध बाईंस जिभेच्या संयमावर चार शब्द सांगितले. त्या शांतपणें म्हणाल्या, "फादर, तुमी खातास तां घटकाभरात; तां मांस काढूक माझी आख्खी सकाळ गेली." त्यांच्या बोटांस कवचांचे बारीक काप लागलेले होते. त्यांच्या ताटांत काय होतें तें आम्हीं त्या दिवशीं प्रथमच पाहिलें: सार आणि भात. मग आमच्या घरची पंगत आठवली. वडिलांस दोन, पाहुण्यांस दोन, मुलांस एक-एक. मातोश्रींनीं कटलेट खाल्लेलें आम्हांस एकदांही आठवेना. त्या राहिलेले पाय चोखीत बसत व तेंच त्यांस आवडतें असें सांगत, आणि आम्ही तें खरें मानीत आलों. प्राध्यापकांनीं प्रायश्चित्त खाणाऱ्याच्या ताटांत शोधलें. तें दुसऱ्याच ताटांत होतें.

आतां कुर्ल्या पूर्वीसारख्या मिळत नाहींत. मोठ्या कुर्ल्यांस बाहेर भाव येतो, गांवांत मध्यम व लहान राहतात. २०१० नंतर सिंधुदुर्गांत कांदळवनांत कुंपण घालून कुर्ल्या वाढविण्याचे प्रयोग झाले, आणि त्यांत स्त्रियांचे गट पुढें होते, हें वाचून आम्हांस आनंद झाला. खाडीची मादी अंडीं घालण्यास समुद्राकडे जाते. पोटाखालीं अंड्यांचा घोस घेतलेली मादी जाळ्यांत आली तर सोडून द्यावी, एवढें आपल्या कोळी बंधूंस आमचें सांगणें आहे. पेत्रानें इतकीं वर्षें सोडल्या. आपण थोड्या सोडाव्या.

ज्युबिलीच्या जेवणांत कुर्ल्यांचें कटलेट असावें असें समितीनें वाद मिटल्यावर एकमतानें ठरविलें आहे. त्याकरितां आदल्या दिवशीं सायंकाळीं पांच वाजतां देवळामागील मांडवांत नांग्या फोडण्यास व मांस कोरण्यास पुरुषमंडळींनीं यावें. वरवंटे व काड्या ज्यानें त्यानें आणाव्या. आम्ही स्वतः हजर राहूं. वाढप दुसऱ्या दिवशीं आम्हीच करणार आहोंत, आणि पहिली पंगत स्त्रियांची बसेल.